डोकी न कापता द्या! आल्फा–ई टीव्हीच्या काळातल्या मालिकांसाठी खुलं पत्र

प्रति,
मराठी मनोरंजन वाहिन्यांचे प्रमुख, त्यांच्या टेप लायब्ररीचे आणि डिजिटल विभागाचे प्रमुख,
तसेच १९९९ ते २००९ या काळात मराठी मालिका काढलेल्या निर्मितीसंस्था

स. न. वि. वि.

इंटरनेटवर जुन्या मराठी मालिकेचा एखादा भाग लावला की पहिल्या मिनिटातच कोणाचं तरी डोकं कापलेलं दिसतं. जेवणाच्या टेबलाभोवती घर बसलंय, सासरे उभे राहून काही सुनावतायत आणि त्यांचं कपाळ भुवयांवरच संपलंय. खाली ताटं नाहीत, नुसते कोपरापर्यंतचे हात. शीर्षकगीतावरच्या नावांच्या दोन ओळींतली खालची ओळ निम्मी गेलेली. यात दिग्दर्शकाची चूक नाही आणि कॅमेरामनचीही नाही. ४:३ चं (रुंदी चार, उंची तीन) चित्र आजच्या १६:९ च्या रुंद पडद्यावर काळ्या पट्ट्यांशिवाय बसावं म्हणून फाईल चढवणाऱ्याने ते वरून-खालून छाटलंय. हिशोब करून बघा: चित्राच्या ५७६ रेषांपैकी ४३२ उरतात, १४४ जातात. चौथा हिस्सा चित्र गेलं. दुसरी तऱ्हा ताणण्याची. तिच्यात डोकं शाबूत राहतं, पण घरातला प्रत्येक माणूस एक तृतीयांशाने रुंद होतो आणि भिंतीवरचं गोल घड्याळ लंबगोल दिसतं.

आमचं मागणं एवढंच आहे: त्या दशकातल्या मालिका टेपवरून फाईलमध्ये पूर्ण उतरवा आणि तेव्हा जशा दिसायच्या तशा दाखवा. हे कसं करायचं आणि कुठे फसतं, ते पुढे सविस्तर लिहिलंय. 'बघतो, बजेट नाही' हे उत्तर आम्हाला पाठ आहे. ते येण्याआधी आकडे समोर असलेले बरे.

आधी काळाबद्दल. १५ ऑगस्ट १९९९ ला आल्फा टीव्ही मराठी सुरू झाली, २००० मध्ये ई टीव्ही मराठी आली. २००५ मध्ये आल्फाची झी मराठी झाली, २०१५ मध्ये ई टीव्हीची कलर्स मराठी. तरी घरोघरी अजून 'ते आल्फावर लागायचं' असंच म्हणतात. १९९९ ते २००९ या दहा वर्षांत 'प्रपंच', 'आभाळमाया', 'श्रीयुत गंगाधर टिपरे', 'अवंतिका', 'वादळवाट', 'चार दिवस सासूचे', 'असंभव' आणि अगदी शेवटी स्टार प्रवाहची 'अग्निहोत्र' होऊन गेली. या सगळ्या थोर होत्या असं आम्ही म्हणत नाही. 'चार दिवस सासूचे' २००१ ते २०१३ चालली, तीन हजारांहून जास्त भाग झाले, आणि त्यातल्या कित्येक आठवड्यांत एका दिवसाचा मजकूर पाच दिवस पुरवून वाढलाय हे तिचे चाहतेही कबूल करतील. तरी तेही भाग हवेत. कॉर्डलेस फोन ठेवण्याची जागा, शोकेसमधल्या बाहुल्या, ऑफिसला जाणाऱ्या बाईची पर्स, सुनेने सासऱ्याला 'अहो बाबा' म्हणण्याचा सूर: असलं बारीकसारीक त्या वर्षांत कोणी मुद्दाम टिपून ठेवलं नाही. ते मालिकांच्या मागच्या भिंतीवर आपसूक टिपलं गेलं. आणि 'टिपरे'सारख्या मालिकेत तर कापाकापी थेट विनोदालाच लागते. पाच माणसांचं घर एका चौकटीत आहे, बोलतंय कोणी दुसरंच, आणि हसू येतं ते दिलीप प्रभावळकरांचे आबा कडेला बसून जे ऐकतात त्या ऐकण्यावर.

आता कामाकडे.

त्या काळचा मुख्य माल बीटाकॅम एसपीवर आहे, स्टुडिओच्या भाषेत नुसता 'बीटा'. शूटिंग कधी बीटावर, कधी डीव्हीकॅमवर. हात सैल असलेल्या निर्मात्याकडे डिजिटल बीटाकॅम. एकाच भागाच्या सहसा दोन टेप निघतात: एडिटमधून आलेला मास्टर आणि वाहिनीला दिलेली टेलिकास्ट कॉपी. कॉपी वाहिनीकडे असते. मास्टर निर्मात्याकडे, नाहीतर कधीच बंद पडलेल्या एडिट स्टुडिओच्या माळ्यावर. ॲनालॉग बीटावर दर कॉपीला चित्र थोडं मऊ पडतं, म्हणून दोन्ही सापडल्या तर उतरवायचा मास्टर. पण कॉपी टाकून देऊ नका. मास्टरवर जिथे टेप खरवडली असेल तिथली दहा-वीस फ्रेम कॉपीतून घेता येते, आणि प्रसारणाच्या वेळी काही कापलं असेल तर ते दोन्ही शेजारी लावल्यावरच कळतं.

यादी करताना एक गोष्ट कटाक्षाने पाळा: टेपच्या पाठीवर पेनाने लिहिलेलं आणि डब्यातल्या कागदावरचं, दोन्ही जसंच्या तसं टिपा, जुळत नसलं तरी. घाईच्या संध्याकाळी टेप एका भागाची आणि डबा दुसऱ्याचा, असं सर्रास झालेलं आहे. कोणतं खरं ते टेप चालवल्यावर ठरेल. यादी करणाऱ्याने आधीच 'दुरुस्त' करून ठेवलं तर मग कधीच ठरणार नाही. दोन्हींचा फोटो काढायला मोबाईल पुरतो.

टेपची खरी शत्रू आपली हवा. बरी जागा म्हणजे साधारण १८ ते २० अंश तापमान आणि ३५ ते ४० टक्के आर्द्रता. मुंबई-ठाण्यात पावसाळ्यात आर्द्रता ८०–९० टक्क्यांत खेळते. त्यात अनेक ठिकाणी एसी दिवसा चालू, रात्री बंद. थंड झालेल्या टेपवर रात्रीची दमट हवा बसते आणि रोज नव्याने ओल धरते. असा चालू-बंद एसी असण्यापेक्षा कोरडी, आतल्या बाजूची, खिडकी नसलेली साधी खोली आणि एक डीह्युमिडिफायर बरा. टेप पुस्तकासारख्या उभ्या ठेवायच्या. आडव्या थप्पीत खालच्या टेपच्या गुंडाळीची कड दबते.

चालवण्याआधी प्रत्येक टेपचं झाकण उचलून उजेडात गुंडाळी बघायची. कडेला पांढरी भुकटी किंवा जाळीसारखे धागे दिसले तर ती बुरशी. ती टेप वेगळ्या पिशवीत, वेगळ्या खोलीत. 'बघू तरी चालते का' म्हणून डेकमध्ये, म्हणजे टेप चालवणाऱ्या यंत्रात, घातली की बुरशी डेकमध्ये उतरते आणि पुढच्या वीस टेपांना लागते. दुसरं दुखणं चिकटपणाचं: टेपवरचा चुंबकी थर धरून ठेवणारा बाइंडर वर्षानुवर्षं ओल शोषून मऊ पडतो, मग टेप चालताना किंचाळते आणि टेप वाचणाऱ्या हेडवर तपकिरी राड साचते. अशी टेप लगेच थांबवायची. तिच्यावर उपाय आहे: ५० अंशांच्या आसपास, काटेकोर नियंत्रणाच्या ओव्हनमध्ये कित्येक तास शेकणं. पण तो प्रयोगशाळेतला ओव्हन, पॅन्ट्रीतला नव्हे. शेकून मिळालेली मुदतही थोड्या दिवसांची असते, तेवढ्यात उतरवून घ्यावं लागतं.

निरोगी टेप थंड खोलीतून काढल्यावर चोवीस तास कामाच्या खोलीत नुसती ठेवायची. मग एकदा शेवटपर्यंत पुढे आणि पूर्ण मागे गुंडाळायची, म्हणजे वीस वर्षं एकाच ताणात बसलेली गुंडाळी सैल होऊन सारखी बसते. डेकचं हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलने, धागे न सुटणाऱ्या कापडाने साफ करायचं. कापड आडवंच फिरवायचं, हेड बसवलेला ड्रम हाताने हळू वळवत. उभं घासलं की हेडचं टोक तुटतं, आणि तुटलेलं हेड आज कुठल्याही दुकानात नवं मिळत नाही.

डेकशी खरं गाडं अडतं. सोनीने बीटाकॅमच्या यंत्रांची विक्री २०१६ मध्ये बंद केली. तेव्हा आज जे चालतंय ते जुन्यातून जुनं जोडून. काही वाहिन्यांनी डेक भंगारात काढले आणि टेप ठेवल्या; कुलूप ठेवून किल्ली विकण्यातला प्रकार. डिजिटल बीटाकॅमचे काही डेक, उदाहरणार्थ डीव्हीडब्ल्यू-ए५००पी, जुनी ॲनालॉग बीटाही वाचतात आणि थेट एसडीआयने, म्हणजे स्टुडिओतल्या डिजिटल तारेने, बाहेर देतात. असा एक धडधाकट डेक आणि सुट्या भागांसाठी त्याच जातीचा दुसरा, एवढ्यावर काम उभं राहतं. स्वस्तातल्या यूव्हीडब्ल्यू डेकपासून सावध. ते आवाजाचे दोनच ट्रॅक वाचतात. बीटाकॅम एसपीवर चार असू शकतात, आणि तिसऱ्या-चौथ्यावर काय आहे ते ऐकल्याशिवाय कोणालाच ठाऊक नसतं.

एसडीआय किंवा कंपोनंटचा (उजेड आणि रंग वेगळ्या तारांनी नेणाऱ्या जोडणीचा) आग्रह का, हे एका पदरावर दिसतं. बीटाकॅम एसपी उजेड आणि रंग वेगवेगळे साठवते. मागच्या बाजूला एकच तार लावून कंपोझिटने चित्र घेतलं तर ते दोन्ही एका तारेत कोंबले जातात आणि पुन्हा नीट सुटत नाहीत. मग बारीक चौकड्याच्या इरकलीवर निळ्या-नारिंगी लाटा धावायला लागतात, काळ्या-पांढऱ्या रेघांचा शर्ट इंद्रधनुष्यी होतो आणि ठसठशीत अक्षरांच्या कडेने ठिपके सरपटतात. बघणारा म्हणतो, 'जुनं आहे ना, असंच असणार.' तसं नाही; टेपवर ती साडी स्वच्छ आहे.

टेपच्या सुरुवातीला रंगपट्ट्या आणि एक सलग सूर असतो. ते वगळून थेट शीर्षकगीतापासून उतरवण्याची खोड मोडा. पट्ट्यांवरून उजेड-रंगाची आणि सुरावरून आवाजाची पातळी लावायची असते. फक्त एक खातरजमा करा: पट्ट्या त्याच वेळी, त्याच यंत्रावरून घेतलेल्या असाव्यात. पट्ट्या एकीकडच्या आणि कार्यक्रम दुसरीकडचा असेल तर पट्ट्या बरोबर लावून चेहरे हिरवे येतात. अशा वेळी डोळ्यांवर आणि पातळी मोजणाऱ्या यंत्रावर भरवसा ठेवावा.

आवाजातली एक चूक तर सर्रास ऐकू येते. अनेक टेपांवर पहिल्या ट्रॅकवर पूर्ण मिश्रण असतं आणि दुसऱ्यावर नुसतं संगीत आणि बाकीचे आवाज, संवादांविना. पुढे दुसऱ्या भाषेत डबिंग करायला लागलं तर म्हणून. हे दोन ट्रॅक स्टिरिओ समजून फाईलमध्ये टाकले की हेडफोनवर डाव्या कानात संवाद आणि उजव्या कानात फक्त सतार येते. मोबाईलच्या एकाच स्पीकरवर दोन्ही मिसळून संगीत संवादांवर चढतं. मूळ फाईलमध्ये सगळे ट्रॅक वेगळे ठेवा. बघण्याच्या प्रतीत पहिला ट्रॅक दोन्ही कानांना द्या. खरखर काढताना हात आखडता घ्या. फार साफ केलं की 'स', 'श', 'च' बोथट होतात आणि रोहिणी हट्टंगडींचं ठसठशीत मराठी टेलिफोनवरून आल्यासारखं ऐकू येतं.

डीव्हीकॅमची गोष्ट निराळी. ती मुळात डिजिटल आहे, म्हणून फायरवायर तारेने जशीच्या तशी फाईल उचलायची, मध्ये कुठेही पुन्हा एन्कोड करायचं नाही. तासाला साधारण १३ जीबी. तिच्यात खराबी आली की चित्रात चौकोनी ठोकळे दिसतात किंवा आवाज क्षणभर तुटतो. टेप दुसऱ्यांदा चालवली तर ठोकळे बरेचदा दुसरीकडेच येतात. दोन्ही फेऱ्यांतले चांगले तुकडे जोडून अख्खा भाग निघतो.

आता आकडे. बीटावरून १० बिटमध्ये, काहीही न दाबता उतरवलं तर तासाला सुमारे ९३ जीबी होतात. एफएफव्ही१ या पद्धतीने साठवलं तर चित्राचा एक कणही न गमावता तेच ३५ ते ४५ जीबीत बसतं, आणि तिच्यासाठी कोणाला परवाना शुल्क द्यावं लागत नाही. समजा ५०० भागांची मालिका आहे, प्रत्येक भाग २२ मिनिटांचा. एकूण १८३ तास. तासाला ४० जीबी धरले तर साडेसात टीबीच्या आत. म्हणजे अख्खी मालिका १२ टीबीच्या एका एलटीओ-८ कार्ट्रिजवर (डेटा साठवायच्या टेपवर) मावते. तीन हजार भागांची महामालिका ११०० तास, ४४ टीबी. एलटीओ-९ ची तीन कार्ट्रिज. दोन संच करा, एक मुंबईत आणि एक दुसऱ्या शहरात, शिवाय एक प्रत रोजच्या वापराच्या डिस्कवर. प्रत्येक फाईलचा एमडी५, म्हणजे तिच्या बोटाच्या ठशासारखी खूण, काढून ठेवा आणि वर्षातून एकदा ताडून पाहा. दशकाच्या शेवटी ज्या मालिका टेपऐवजी फाईलवर आल्या, त्या सुरक्षित आहेत अशा भ्रमात राहू नका. कपाटात दहा वर्षं बिनविजेची पडलेली एक्स्टर्नल हार्ड डिस्क बीटापेक्षा लवकर दगा देते, आणि दगा देताना एका भागाचा नाही, दोनशे भागांचा देते.

वेळेचं गणितही अवघड नाही. टेप तिच्याच वेगाने चालते, तिथे घाई नाही. आठ तासांच्या पाळीत साफसफाई, गुंडाळणं, तपासणं धरून एका डेकवर खरी पाच तास टेप चालते. १८३ तासांना सदतीस पाळ्या. दुसऱ्यांदा चालवाव्या लागणाऱ्या टेपांसाठी आणखी आठवडाभर धरा. एक डेक, दोन माणसं, दोन महिने: एका आवडत्या मालिकेचा हा भाव आहे.

मूळ फाईल झाली की बघण्याची प्रत, आणि सगळ्यात जास्त नासधूस इथेच होते. त्या काळचं चित्र सेकंदाला २५ फ्रेम असलं तरी प्रत्येक फ्रेम दोन अर्ध्या चित्रांची असते, एकाआड एक रेषांची. म्हणजे हालचालीचे सेकंदाला ५० टप्पे. आजच्या पडद्याला सलग चित्र लागतं. आळशी मार्ग म्हणजे निम्म्या रेषा फेकणं. मग सून जिन्यावरून धावत उतरते ती अडखळत उतरते. त्याहून वाईट म्हणजे काहीच न करणं. मग हलत्या हाताच्या कडेला कंगव्याचे दात दिसतात. बरोबर मार्ग हा: बीडब्ल्यूडीआयएफ किंवा क्यूटीजीएमसीसारख्या चांगल्या फिल्टरने ५० अर्ध्या चित्रांची ५० पूर्ण चित्रं करायची. त्याआधी क्रम तपासायचा. एसडीआयने आलेल्या बीटामध्ये वरचं फील्ड, म्हणजे वरच्या रेषेपासूनचं अर्धं चित्र, आधी; डीव्हीकॅममध्ये खालचं आधी. हा क्रम उलटा पडला तर प्रत्येक हालचाल पुढे-मागे थरथरते, आणि लोक सगळा दोष टेपला देतात. मग डाव्या-उजव्या कडेचे आठ-आठ पिक्सेल काढून १४४० × १०८० चं चित्र करायचं. एवढं मोठं का? युट्यूब ७२० रेषांच्या खाली सेकंदाला ५० फ्रेम देत नाही. ५७६ वर चढवलं की केलेली सगळी मेहनत निम्मी होते. दोन्ही बाजूंना काळे पट्टे दिसतील. दिसू द्या, आजवर कोणत्याही प्रेक्षकाने काळ्या पट्ट्यापायी मालिका सोडलेली नाही.

'फोर के एआय रीमास्टर' या पाटीबद्दल हात जोडून सांगतो: मूळ फाईलवर हा प्रयोग करू नका, आणि बघण्याच्या प्रतीवरही जपून. या यंत्रांना लॅटिन अक्षरं थोडीफार कळतात. देवनागरी कळत नाही. शीर्षकांत शिरोरेघ मधेच फाटते, रफार हवेत विरतो, 'ष्ट्र'चा गोळा होतो. नेपथ्यकाराचं, वेशभूषाकाराचं आयुष्यात एकदाच पडद्यावर आलेलं नाव कुठल्याच भाषेतलं नसलेलं अक्षर बनतं. चेहऱ्यांचं तर मेण होतं. चाळिशीतल्या नायिकेच्या डोळ्यांखालच्या ज्या बारीक रेषांवर दिग्दर्शकाने दृश्य उभं केलं, त्याच आधी पुसल्या जातात.

हक्कांचा गुंता आहे, आणि तो नुसता सबबीसाठी पुढे केला जातो असं आम्ही म्हणणार नाही. कॉपीराइट कायद्यानुसार मालिकेचा हक्क प्रसारणानंतरच्या वर्षापासून साठ वर्षं; १९९९ ची मालिका २०५९ संपेपर्यंत कोणाची तरी आहे. कोणाची, ते करारावर. त्या वेळचे बरेच करार दोन पानी, आणि त्यांत इंटरनेटचं नावही नाही. हक्क देताना मुदत लिहिलेली नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो. २०१२ च्या दुरुस्तीने असंही म्हटलं की करार करताना जे माध्यम अस्तित्वात किंवा वापरात नव्हतं, त्याचा स्पष्ट उल्लेख नसेल तर ते हक्क त्यात आले असं समजायचं नाही; आणि गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतला वाटा राखून ठेवला. दुरुस्तीआधीच्या करारांना यातलं काय लागू पडतं, हे वकिलाने एकेक कागद वाचून सांगावं. आमचा अनुभव असा की निर्माता आणि वाहिनी यांचं एका बैठकीत जमतं; अडतं ते शीर्षकगीतावर. 'आभाळमाया'चं गीत मंगेश कुळकर्णींचं, संगीत अशोक पत्कींचं, आवाज देवकी पंडितांचा. मालिकेची गोष्ट विसरलेल्या माणसालाही ते आजही येतं. त्याचे हक्क तिसऱ्याच कंपनीकडे असले की युट्यूबचं यंत्र आवाज बंद करतं, आणि मग चढवणारा शीर्षकगीतच कापून टाकतो. कृपा करून कापू नका. गीताची वेगळी परवानगी आधी काढा. मिळेपर्यंत तो भाग थांबवा. शीर्षकगीताशिवायची 'आभाळमाया' दोन महिने उशिरा आलेल्या 'आभाळमाये'पेक्षा वाईट.

हरवलेल्या भागांचं काय? ते असणारच. टेप महाग, म्हणून पुसून त्यावर दुसरं घेणं ही जगभरची रीत होती. बीबीसीने १९६० च्या दशकातल्या 'डॉक्टर हू' या मालिकेचे नव्वदहून अधिक भाग असेच गमावले. पण त्या प्रत्येक हरवलेल्या भागाचा आवाज शिल्लक आहे, कारण प्रेक्षकांनी घरी टेपरेकॉर्डर लावून तो धरला होता. आणि २०१३ मध्ये नऊ भागांचं चित्रही नायजेरियातून परत आलं. आपल्याकडे तर घरोघरी व्हीसीआर होते. लग्नाच्या कॅसेटवर उरलेल्या जागेत, परदेशातल्या मुलीला पाठवायला, रात्रपाळीच्या नवऱ्यासाठी, लोकांनी मालिका धरून ठेवल्या आहेत. तेव्हा हरवलेल्या भागांची यादी उघडपणे लावा आणि कॅसेट मागवा. क्रमांक मात्र सरकवू नका. ११३ नंतर ११५ च येऊ द्या, मध्ये 'भाग ११४ उपलब्ध नाही' अशी पाटी. आज काही ठिकाणी गळालेल्या भागांवर नवे क्रमांक चिकटवलेत, आणि जिवंत माणूस पुढच्या भागात न सांगता फोटोत गेलेला दिसतो.

कॅसेट पाठवणाऱ्यांना चार गोष्टी कळवा. पाठीवरची प्लास्टिकची खूणपट्टी मोडा, म्हणजे चुकून त्यावर रेकॉर्ड होणार नाही. पांढरी भुकटी दिसली तर घरच्या व्हीसीआरमध्ये घालू नका. कुरिअरआधी पूर्ण मागे गुंडाळा, उभी भरा, भोवती कोरडा कागद. आणि जाहिराती पुसू नका. एखाद्या भागाची तारीख त्यातल्या सणाच्या सेलवरून लागते. तुमच्या बाजूने एकच करा: कॅसेट परत द्या, वेळेत आणि फाईलसह.

प्रदर्शनाबद्दल फार बोलत नाही. भाग पूर्ण द्या, 'खास क्षण' म्हणून तीन-तीन मिनिटांचे तुकडे नंतर हवे तेवढे करा. शेवटची नावांची पट्टी पळवू नका. 'मागील भागात' ठेवा, कारण दर आठवड्याला भेटणाऱ्या मालिकेत तेच दार असायचं. कोपऱ्यातला वाहिनीचा आजचा लोगो छोटा आणि चित्राबाहेर, काळ्या पट्ट्यावर टाका. जागा आहे ना तिथे. संवादांचे मराठी मथळे (सबटायटल्स) द्या. कमी ऐकू येणारे आजी-आजोबा या मालिकांचे सर्वांत निष्ठावान प्रेक्षक आहेत, आणि परदेशात वाढलेल्या नातवंडांना इंग्रजी मथळे लागतील.

सुरुवात मोठी नको. प्रत्येक वाहिनीने एक मालिका निवडावी, तिच्या पन्नास टेप काढाव्यात, वर सांगितल्याप्रमाणे उतरवाव्यात आणि किती चालल्या, किती चिकटल्या, किती सापडल्याच नाहीत हे जाहीर करावं. पन्नास भाग म्हणजे अठरा-एकोणीस तासांची टेप, एका डेकवर चार पाळ्या. यादी, साफसफाई आणि तपासणी धरून तीन आठवडे. मार्चमध्ये हातात घेतलं तर ढग यायच्या आत टेप परत कोरड्या कपाटात जातील. डेक नसेल तर सांगा, चालू डेक कोणाकोणाकडे आहेत याची यादी आमच्याकडे आहे. बुरशी लागलेल्या टेप कशा सोडवायच्या ते दाखवायला आमच्यातली दोन माणसं मोबदल्याशिवाय येतील. अल्कोहोल आणि कापड मात्र तुमचं.

कळावे,
टेप लायब्ररीत, एडिटच्या टेबलावर आणि मास्टर कंट्रोलमध्ये काम केलेले काही जण, व या मालिकांचे प्रेक्षक